बाजार संशोधनातून वरिष्ठांसाठी शिफारस कशी काढावी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी बरीच वर्षं ग्राहक संशोधनाच्या कामात आहे आणि त्यातला मोठा वेळ निर्णय घेणाऱ्या वरिष्ठांसाठी टिपणं लिहिण्यात गेला आहे. या कामात नव्यानं आलेले सहकारी जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते उत्तरांसह इथे एकत्र केले आहेत. काही उत्तरं लांबली आहेत, कारण त्याच ठिकाणी सगळ्यात जास्त चुका होताना मी पाहिल्या आहेत.

अहवाल तयार आहे. आता त्यातून शिफारस काढायची म्हणजे नेमकं काय करायचं?

अहवाल हातात आला की पहिला मोह होतो तो त्याला कात्री लावण्याचा. ८० स्लाइडच्या २०, मग २० च्या ८. अशानं हाती लागतो तो सारांश. तो ऐकून घेतल्यावर वरिष्ठ विचारतात, "बरं, मग आम्ही काय करायचं?" हा प्रश्न त्यांना विचारावा लागला, याचा अर्थ शिफारस अजून लिहिलीच गेलेली नाही.

एक उदाहरण घेऊ. समजा, एका सॉफ्टवेअरचे बरेच नवे ग्राहक पहिल्याच महिन्यात सोडून जातात. हे झालं निरीक्षण. सोडून जाणाऱ्यांपैकी बहुतेकांनी सेटअपच पूर्ण केलेला नसतो, हा झाला अर्थ. नव्या सुविधांचं काम एक तिमाही थांबवून ती टीम सेटअप सोपा करण्यावर लावावी, ही झाली शिफारस. पहिल्या दोन वाक्यांवर कोणाचीच हरकत नसते. तिसरं वाक्य ऐकल्यावर खोलीतलं कोणीतरी अस्वस्थ होतं, कारण त्यात कोणाचं तरी काम थांबणार असतं. शिफारस ओळखायची माझी खूण हीच: ती मान्य केली तर कोणाच्या तरी वेळापत्रकात किंवा बजेटमध्ये सोमवारपासून फरक पडला पाहिजे.

म्हणून मी अहवाल मिटून ठेवते आणि कोऱ्या पानावर एकच वाक्य लिहून बघते. ते वाक्य अहवालाकडे न बघता लिहिता आलं नाही, तर माझा विचार पूर्ण झालेला नसतो.

मग सुरुवात कुठून करायची?

निर्णयापासून, आणि तीही सर्वेक्षणाचा पहिला प्रश्न लिहिण्याआधी. कोण ठरवणार आहे, काय ठरवणार आहे आणि कधीपर्यंत, या तीन गोष्टी काम सोपवणाऱ्याकडून लिहून घ्या. "ग्राहकांना जाणून घ्यायचं आहे" हे उत्तर स्वीकारू नका. जाणून घेऊन काय करणार, हे नम्रपणे पण पुन्हा विचारा.

त्यानंतर माझी एक पद्धत आहे, तिचा मला सर्वाधिक उपयोग झाला आहे. आकडे यायच्या आधीच दोन खोट्या शिफारशी लिहायच्या. एक, निकाल अमुक बाजूनं लागला तर काय सुचवू; दुसरी, उलट बाजूनं लागला तर काय सुचवू. दोन्ही सारख्याच निघाल्या, तर तो प्रश्न विचारण्यात अर्थ नाही. प्रश्नावलीतले कितीतरी प्रश्न या चाळणीत गळून पडतात, आणि उत्तरं देणाऱ्या माणसांचाही वेळ वाचतो.

निर्णय आणि प्रश्न यांची फारकत झाली की काय होतं, याचं सगळ्यात प्रसिद्ध उदाहरण १९८५ मधलं आहे. कोका-कोलानं नव्या चवीसाठी जवळपास दोन लाख चाचण्या घेतल्या. लोकांना नवी, अधिक गोड चव जास्त आवडत होती. २३ एप्रिलला कंपनीनं नवी चव जाहीर केली आणि जुनी बंद केली. लोकांचा इतका रोष झाला की ७९ दिवसांत जुनी चव परत आणावी लागली. त्या चाचण्या काही चुकीच्या नव्हत्या. कुठला घोट अधिक आवडतो, या प्रश्नाचं उत्तर त्यांनी प्रामाणिकपणे दिलं होतं. पण ठरत होतं ते वेगळंच: वर्षानुवर्षांची सवयीची गोष्ट लोकांकडून काढून घ्यायची की नाही. चवीच्या चाचणीत या प्रश्नाचं उत्तर कुठून मिळणार? शिफारस लिहिणाऱ्यानं इथेच थांबून सांगायला हवं की आपला पुरावा या निर्णयापर्यंत पोहोचत नाही.

किती पानं असावीत?

निर्णयासाठी एक पान, बाकी सगळं परिशिष्टात.

एका पानाची शिस्त जुनी आहे. साबण आणि घरगुती वस्तू बनवणाऱ्या प्रॉक्टर अँड गॅम्बल या अमेरिकी कंपनीचे १९३० च्या दशकातले अध्यक्ष रिचर्ड ड्युप्री एका पानापेक्षा मोठं टिपण परत पाठवण्यासाठी ओळखले जात. गंमत अशी की त्याच कंपनीत १९३१ साली नील मॅकेलरॉय या तरुण कर्मचाऱ्यानं प्रत्येक ब्रँडसाठी वेगळी जबाबदार टीम असावी, असं सुचवणारं टिपण लिहिलं, आणि ते तीन पानांचं होतं. ब्रँड मॅनेजमेंटची पद्धत त्यातून उभी राहिली. अमेझॉनमध्ये २००४ साली जेफ बेझोस यांनी वरिष्ठांच्या बैठकीतून स्लाइड काढून टाकल्या आणि सलग वाक्यांत लिहिलेली टिपणं सुरू केली. ती सहा पानांपर्यंत जातात आणि बैठकीच्या सुरुवातीला सगळे ती शांतपणे वाचतात.

म्हणजे पानांची संख्या हा काही मंत्र नाही. पूर्ण वाक्यात लिहिताना "म्हणून", "तरीही", "कारण" हे शब्द वापरावे लागतात आणि विचारातली भोकं उघडी पडतात. स्लाइडवरच्या तुटक ओळींमध्ये ती झाकली जातात. माझा आग्रह इतकाच की टिपण एक पानाचं असो वा सहा, निर्णय घेणाऱ्यानं फक्त पहिला परिच्छेद वाचला तरी त्याला काय करावं हे कळलं पाहिजे.

त्या एका पानावर काय असावं? एखादा नमुना मिळेल का?

खालचं टिपण काल्पनिक आहे, आकडेही काल्पनिक आहेत. रचना बघा.

*विषय: मोफत वापराची मुदत*

*शिफारस: मोफत वापराची मुदत ३० दिवसांवरून १४ दिवसांवर आणावी. मात्र मोठ्या संस्थांसाठी ३० दिवसच ठेवावेत. सपोर्ट टीमचा वेळ ग्राहकाच्या पहिल्या तीन दिवसांवर केंद्रित करावा.*

*कारण: पुढे पैसे भरणाऱ्या दर १० ग्राहकांपैकी ८ जण पहिल्या १० दिवसांतच भरतात. सोडून गेलेल्यांपैकी बहुतेकांनी पहिली फाइलही तयार केलेली नसते. मुलाखतींमध्ये मुदत अपुरी पडल्याची तक्रार एकाच माणसानं केली. सुरुवात कशी करायची ते कळलं नाही, असं मात्र बहुतेकांनी सांगितलं.*

*खात्री: मुदतीबद्दल भक्कम, कारण हाताशी सहा महिन्यांच्या वापराच्या नोंदी आहेत. मदत वाढवल्यानं किती ग्राहक टिकतील याबद्दल मध्यम, कारण ते अजून करून पाहिलेलं नाही.*

*विचार करून सोडलेला पर्याय: दर कमी करणं. सोडून जाण्याच्या कारणांमध्ये दर पाचव्या क्रमांकावर आहे.*

*पुढे: निम्म्या नव्या ग्राहकांवर ८ आठवडे प्रयोग, जबाबदारी प्रॉडक्ट टीमची. पैसे भरणाऱ्यांचं प्रमाण २ टक्के-अंकांनी खाली गेलं, तर प्रयोग थांबवावा.*

यातल्या शेवटच्या दोन गोष्टी लोक हमखास विसरतात. सोडलेला पर्याय लिहिला नाही, तर बैठकीतला पहिला अर्धा तास "आपण दर कमी केले तर?" यावरच जातो. आणि कुठे थांबायचं हे आधी लिहिलं नाही, तर फसलेला प्रयोगही कोणी थांबवत नाही, कारण तोपर्यंत त्यात अनेकांची प्रतिष्ठा अडकलेली असते.

उत्तर आधीच सांगितलं तर पुरावा कोण ऐकणार?

ज्याला शंका आहे तो ऐकतोच, आणि जास्त लक्षपूर्वक ऐकतो, कारण प्रत्येक पुरावा कशासाठी आहे हे त्याला माहीत असतं. रहस्य शेवटपर्यंत राखून ठेवणारी मांडणी ऐकताना वरिष्ठ मनातल्या मनात स्वतःचा निष्कर्ष बांधत जातात. तुमचा निष्कर्ष येईपर्यंत ते त्यांच्या निष्कर्षाच्या प्रेमात पडलेले असतात.

"शक्यता आहे", "बहुधा" असे शब्द वापरावेत का?

वापरा, पण सोबत आकडा द्या. १९५१ साली अमेरिकेच्या गुप्तचर विश्लेषकांनी युगोस्लाव्हियावर हल्ला होण्याची "गंभीर शक्यता" आहे, असं एका अहवालात लिहिलं. तो तयार करणाऱ्यांपैकी शेरमन केंट यांना नंतर एका अधिकाऱ्यानं विचारलं, गंभीर म्हणजे किती? केंट यांच्या मनात साधारण ६५ टक्के होतं. ते ऐकून तो अधिकारी चकित झाला, त्याला ती शक्यता खूपच कमी वाटली होती. मग केंट यांनी सहकाऱ्यांना विचारलं, तेव्हा उत्तरं २० टक्क्यांपासून ८० टक्क्यांपर्यंत आली. एकाच शब्दावर सगळ्यांनी सही केली होती आणि प्रत्येकाच्या मनात वेगळी गोष्ट होती.

आपल्या टिपणांत हे रोज घडतं. "ग्राहकांचा चांगला प्रतिसाद अपेक्षित आहे" हे वाक्य विक्रीप्रमुख एका अर्थानं वाचतो, अर्थप्रमुख दुसऱ्या. त्यापेक्षा "१० पैकी ७ वेळा हे साधेल असं मला वाटतं" असं लिहावं. हा आकडा गणितातून आलेला नसला, तर तो तुमचा अंदाज आहे असं स्पष्ट म्हणा. त्यात कमीपणा काहीच नाही. वरिष्ठ रोज अंदाजांवरच निर्णय घेतात, फक्त अंदाज कोणाचा आणि कशावर आधारलेला, हे त्यांना कळायला हवं.

मर्यादा कुठे लिहायच्या? तळटीपेत चालतील का?

निर्णय बदलू शकेल अशी मर्यादा पहिल्या अर्ध्या पानात हवी. बाकीच्या परिशिष्टात गेल्या तरी चालतील.

हे मी इतक्या ठामपणे का सांगते, त्यामागे एक प्रसंग आहे, आपल्या क्षेत्राबाहेरचा. जानेवारी २००३ मध्ये कोलंबिया या अमेरिकी अवकाशयानाच्या उड्डाणावेळी इंधनटाकीवरच्या फोमचा तुकडा सुटून यानाच्या पंखावर आदळला. यान अवकाशात असतानाच अभियंत्यांनी धोक्याचं विश्लेषण स्लाइडवर मांडलं. एका स्लाइडचं शीर्षक दिलासा देणारं होतं. सगळ्यात खालच्या ओळींत मात्र लिहिलं होतं की हाती असलेल्या चाचण्या ३ घन इंचाच्या तुकड्यावरच्या आहेत आणि प्रत्यक्षातला अंदाजे १९२० घन इंचांचा आहे. म्हणजे ६४० पट मोठा. १ फेब्रुवारीला परतीच्या वाटेवर यान तुटलं आणि सात अंतराळवीर मृत्युमुखी पडले. चौकशी मंडळानं आपल्या अहवालात त्या स्लाइडच्या मांडणीवर बोट ठेवलं.

आपल्या कामात जीव जात नाहीत, पण माणसांच्या नोकऱ्या आणि वर्षांची मेहनत पणाला लागलेली असते. "आपला पुरावा या परिस्थितीला लागू पडत नाही" हे वाक्य बारीक अक्षरात लिहायचं नाही.

आकडे किती द्यावेत? आणि छोट्या गटांच्या आकड्यांचं काय?

मुख्य पानावर तीन-चार आकडे पुरतात. एकही आकडा असा नको, जो काढून टाकला तरी शिफारस तशीच राहील.

छोट्या गटांची गोष्ट वेगळी, तिथे नेहमी पाय घसरतो. १,००० जणांचा यादृच्छिक (चिठ्ठ्या टाकून निवडल्यासारखा) नमुना असेल, तर ९५ टक्के विश्वासपातळीला त्रुटीची मर्यादा, म्हणजे आपला आकडा खऱ्या आकड्यापासून साधारण किती दूर असू शकतो ते, अधिक-उणे ३ टक्के-अंकांच्या आसपास असते. ४०० जणांसाठी ती जवळपास ५ होते, १०० साठी जवळपास १०. आता त्या हजारातून तरुण, त्यातून शहरी, त्यातून नवे ग्राहक वेगळे काढले की उरतात ५०-६० जण. त्यांच्यातला ८ टक्के-अंकांचा फरक बातमीसारखा मांडला जातो आणि त्यावर एखादी मोहीम उभी राहते. प्रत्येक टक्केवारीशेजारी किती जणांपैकी ते लिहा. मी ६० पेक्षा लहान गटाचे टक्के लिहितच नाही, "५२ पैकी १९ जण" असं लिहिते. वाचणाऱ्याला लगेच अंदाज येतो.

दुसरी घसरगुंडी म्हणजे टक्के आणि टक्के-अंक. प्रमाण ४ टक्क्यांवरून ६ टक्क्यांवर गेलं, तर वाढ ५० टक्क्यांची आहे आणि २ टक्के-अंकांचीही. दोन्ही खरं आहे. पण "५० टक्के वाढ" एवढंच लिहिणं म्हणजे वाचणाऱ्याची दिशाभूल करणं. दोन्ही टोकं द्या.

नमुना खूप मोठा असेल तर काळजी नको ना?

नमुना मोठा म्हणजे बरोबर, असं होत नाही. १९३६ साली अमेरिकेत लिटररी डायजेस्ट या साप्ताहिकानं अध्यक्षीय निवडणुकीआधी सुमारे एक कोटी मतपत्रिका पाठवल्या. वीस लाखांहून जास्त परत आल्या आणि त्यांवरून रिपब्लिकन उमेदवार लँडन जिंकणार असं भाकीत केलं. प्रत्यक्षात त्यांचे प्रतिस्पर्धी रूझवेल्ट यांना सुमारे ६१ टक्के मतं पडली. पत्ते घेतले होते टेलिफोनधारक आणि मोटारमालकांच्या याद्यांमधून, आणि उत्तर पाठवण्याची तसदी घेणारे लोकही सर्वसाधारण मतदारांपेक्षा वेगळे होते. त्याच वेळी जनमत चाचण्या घेणारे जॉर्ज गॅलप यांनी कितीतरी लहान नमुन्यावरून विजेता बरोबर सांगितला.

म्हणून वरिष्ठांना "५०,००० ग्राहकांनी उत्तरं दिली" असं सांगताना कोणी दिली नाहीत, तेही सांगा. ॲपमध्ये घेतलेल्या सर्वेक्षणात ॲप काढून टाकलेला माणूस कधीच नसतो, आणि बहुतेक वेळा आपल्याला त्याचंच म्हणणं ऐकायचं असतं.

"विकत घ्याल का?" याला ७० टक्के लोक हो म्हणाले. हा आकडा द्यावा का?

एकटा देऊ नये. लोक खोटं बोलत नाहीत. हो म्हणायला त्यांना काही खर्च येत नाही, एवढंच. त्याच कंपनीच्या आधीच्या उत्पादनांना किती जण हो म्हणाले होते आणि किती जणांनी प्रत्यक्षात घेतलं, हे गुणोत्तर शेजारी ठेवा. ते नसेल, तर आगाऊ नोंदणी किंवा छोटी विक्री करून पाहण्याची शिफारस करा.

फोकस ग्रुपमधली वाक्यं वापरावीत का?

फोकस ग्रुप म्हणजे काही ग्राहकांना एकत्र बसवून केलेली चर्चा. त्यातलं एखादं वाक्य जरूर वापरा, ग्राहकाच्या शब्दांची ताकद तक्त्यात नसते. पण सगळ्यात चटकदार वाक्य निवडू नका, सगळ्यात प्रातिनिधिक निवडा. आठ माणसांच्या गटावरून टक्केवारी कधीही काढू नका.

शिफारस वरिष्ठांच्या आवडत्या कल्पनेच्या विरोधात जात असेल तर?

या प्रश्नापाशी मी स्वतः एकदा वाईट रीतीनं चुकले आहे. एका कंपनीसाठी आम्ही केलेल्या अभ्यासातून स्पष्ट दिसत होतं की नवं उत्पादन जुन्याच ग्राहकांना जुन्यापासून हिसकावणार, नवे ग्राहक फारसे येणार नाहीत. हे उत्पादन तिथल्या प्रमुखांची स्वतःची कल्पना होती. मी भरल्या बैठकीत, त्यांच्या सगळ्या टीमसमोर, पहिल्याच मिनिटाला सांगितलं की हे थांबवावं. माझे आकडे बरोबर होते. पण त्यांच्यापुढे सर्वांसमोर माघार घेण्याचा किंवा मला खोडून काढण्याचा, असे दोनच मार्ग उरले. त्यांनी दुसरा निवडला. अभ्यास बाजूला पडला आणि त्यात राबलेल्या माझ्या टीमचे चार महिने वाया गेले. याचं मला आजही वाईट वाटतं.

तेव्हापासून कटू शिफारस मी बैठकीत पहिल्यांदा उच्चारत नाही. बैठकीच्या दोन दिवस आधी त्या व्यक्तीला एकट्यानं भेटते. "सर, आकडे आपल्याला वाटलं होतं तसे आलेले नाहीत. तुम्ही आधी बघावेत असं मला वाटतं," इथून सुरुवात करते. मग एक प्रश्न विचारते: काय दिसलं असतं तर तुम्ही हे थांबवलं असतं? हा प्रश्न अभ्यासाच्या सुरुवातीलाच विचारून उत्तर लिहून ठेवलं असेल, तर अर्धं काम झालेलं असतं. त्या भेटीत मी भाषा मवाळ करते, क्रम बदलते, त्यांचा एखादा चांगला आक्षेप टिपणात घेते. निष्कर्ष मात्र बदलत नाही. नवा पुरावा दाखवला तर बदलते, नाराजी दाखवली म्हणून बदलत नाही.

अभ्यासातून स्पष्ट उत्तर निघालंच नाही तर?

तसं लिहा, आणि तरीही शिफारस द्या. "अधिक संशोधन करावं" ही ओळ एकटी लिहू नका. आणखी किती दिवस, किती खर्च, आणि त्यातून कुठला निर्णय बदलू शकेल, हे सोबत हवं. बऱ्याचदा असं दिसतं की दोन्ही पर्यायांमध्ये फरक फारसा नाही. अशा वेळी जो पर्याय नंतर मागे घेणं सोपं, तो सुचवा. मागे फिरता येत नसेल, तर वाट पाहण्याचा खर्च मोजून दाखवा.

एआयकडून सारांश करून घेतला तर चालेल का?

मुलाखतींची लांबलचक लिखित रूपं चाळायला, विषयवार लावायला त्याची मदत होते आणि मीही घेते. पण समोर कुठला निर्णय आहे आणि मागच्या वर्षी काय फसलं, हे तुम्ही सांगितल्याशिवाय त्याला माहीत नसतं. त्यामुळे तो सगळ्या मुद्द्यांना जवळपास सारखंच वजन देतो. त्यानं दिलेला प्रत्येक आकडा मूळ तक्त्याशी आणि प्रत्येक उद्गार मूळ नोंदीशी ताडून पाहा. ग्राहकांची नावं आणि फोन नंबर आधी काढून टाका.

शिफारस मान्य झाली. आता आपलं काम संपलं ना?

माझ्याकडे एक साधी वही आहे. प्रत्येक शिफारशीची तारीख, एका वाक्यात काय सुचवलं, किती खात्री सांगितली, मान्य झाली की नाही आणि सहा महिन्यांनी काय झालं, असे पाच रकाने. शेवटचा रकाना भरायला त्या टीमला फोन करावा लागतो आणि कधीकधी ते संभाषण अवघड जातं. पण "१० पैकी ७" म्हणून सांगितलेल्या माझ्या शिफारशींपैकी निम्म्याच खऱ्या ठरतात, हे मला त्या वहीनंच दाखवलं. आता ७ लिहायच्या आधी मी ती उघडून बघते, आणि बऱ्याचदा ६ लिहिते.